कसोटी खेळणारा ‘पहिला’ पाळक शेपर्डच कसा?

स्क्वेअरलेग
इंग्लंडच्या डेव्हिड शेपर्डला सगळे कसोटी खेळणारा पहिला पाळक (ख्रिस्ती धर्मगुरू) म्हणतात. पण व्हर्नन रॉयल 1879 मध्ये मेलबर्नला खेळला, टॉम किलिक 1929 मध्ये दक्षिण आफ्रिकेविरुद्ध. दोघंही पाळकच. मग शेपर्ड पहिला कसा? आणि 22 कसोटींना 1950 ते 1963 एवढा काळ का लागला?

जुनास्कोअरर
पाळकपदाच्या दीक्षेचं वर्ष बघा. रॉयल आणि किलिक आधी कसोटी खेळले, दीक्षा नंतर घेतली. शेपर्डची दीक्षा 1955 ची. त्याच्या 8 कसोटी त्याआधीच्या, 14 नंतरच्या. तीन शतकांपैकी दोन नंतरची. पाळक म्हणून पहिली कसोटी 1956 ची, ऑस्ट्रेलियाविरुद्ध, ओल्ड ट्रॅफर्डवर. तीत त्याने 113 केल्या. त्याच सामन्यात जिम लेकरने 19 बळी घेतले, म्हणून त्या खेळीकडे कुणाचं लक्ष जात नाही. फार अन्याय आहे हा.

शोधताना एक जपा: पंच डेव्हिड शेफर्ड वेगळे, ते ग्लॉस्टरशायरचे. हा केंब्रिज आणि ससेक्सचा सलामीवीर. मराठीत दोन्ही नावं कशीही लिहिली जातात, त्यामुळे आकडे एकमेकांत मिसळतात.

पूर्वलंडन
एवढा काळ लागला तो कामामुळे. केंब्रिजच्या रिडली हॉलमध्ये धर्मशिक्षण, मग इस्लिंग्टनला सहायक पाळक, आणि 1957 पासून 1969 पर्यंत कॅनिंग टाउन या गोदी कामगारांच्या वस्तीत मेफ्लॉवर या ख्रिस्ती समाजकेंद्राचे प्रमुख. त्यातून क्रिकेटला उरेल तेवढाच वेळ. 1960 मध्ये तर वर्णभेदामुळे दक्षिण आफ्रिकेच्या संघाविरुद्ध खेळायलाच त्यांनी नकार दिला.

1962 मध्ये रजा काढून परतले. लॉर्ड्सवरच्या शेवटच्या जंटलमेन (हौशी) विरुद्ध प्लेयर्स (व्यावसायिक) सामन्यात 112 केल्या आणि ऑस्ट्रेलिया दौरा मिळाला. मेलबर्नला पहिल्या डावात शून्य, दुसऱ्यात 113 आणि धावबाद, इंग्लंड जिंकलं. पण त्या दौऱ्यात त्यांच्या हातून झेल बरेच सुटले. इतकी वर्षं तुरळक खेळल्यावर फलंदाजी परत आली, क्षेत्ररक्षण आलं नाही.

सांगलीकर५२
आपल्याशी संबंध येतो तो 1952 मध्ये. ओव्हलवर भारताविरुद्ध 119, इंग्लंडचा कर्णधार लेन हटनबरोबर 143 ची सलामी. उत्तरादाखल आपण 98 मध्ये गारद. त्या संघाचे कर्णधार विजय हजारे, सांगलीच्या मराठी ख्रिस्ती घरातले. त्या मोसमात केंब्रिजचा कर्णधार शेपर्डच होता, आणि वूस्टरशायरविरुद्ध त्याने नाबाद 239 केल्या, कारकिर्दीतली सर्वोच्च धावसंख्या.

स्क्वेअरलेग
आभार, वर्षांचा उलगडा झाला. 1963 नंतर क्रिकेटशी संबंध संपला का?

पूर्वलंडन
खेळण्यापुरता. डिसेंबर 1968 मध्ये डॉलिव्हेरा प्रकरणावरून (गौरेतर बॅसिल डॉलिव्हेराला दक्षिण आफ्रिका दौऱ्याच्या इंग्लंड संघातून वगळल्याचा वाद) एमसीसीच्या, म्हणजे तेव्हा इंग्लंडचे दौरे चालवणाऱ्या क्लबच्या, विशेष सभेत क्लबवर टीकेचा ठराव मांडला तो शेपर्डनी. अनुमोदन माइक ब्रिअर्लीचं. ठराव पडला. 1975 ते 1997 ते लिव्हरपूलचे बिशप होते.