भरतीच्या रेषेवरचा पट्टा : पुळण, वेळ की आणखी काही?

बेळगावहून :
नमस्कार मंडळी, एक शब्द पाहिजे होता. मुलांसाठी समुद्रकिनाऱ्यावर मराठीतून एक वाचनपाठ लिहायला घेतलाय आणि एका जागी गाडी अडलीय. भरतीचं पाणी जिथवर चढतं ती रेघ आणि तिच्या वर झाडंझुडपं सुरू होतात ती जागा, या दोन्हीच्या मधे जो पट्टा असतो, म्हणजे पाणी रोज येत नाही पण शिंतोडे आणि खारं वारं कायम असतं आणि वादळात एखादी लाट चढून पण जाते, त्याला मराठीत काय म्हणायचं? इंग्रजी पुस्तकात सुप्रालिटोरल झोन दिलंय, सोप्या भाषेत स्प्लॅश झोन. नुसतं किनारा लिहिलं तर अर्थच जातो, किनाऱ्यात सगळंच आलं. आपण घाटावरची माणसं, समुद्रापासून शंभरेक किलोमीटर आत, त्यामुळं हे शब्द आपल्या तोंडात नाहीत, पण गोव्याला कारवारला तर घरटी जाणं येणं आहे, कुणी तिथलं काही ऐकलं असेल तर सांगा.

निपाणीहून :
पुळण म्हणा की सर. वेंगुर्ल्याला आमचे पाहुणे आहेत, ते संध्याकाळी पुळणीवर फिरून येतो असंच म्हणतात. एवढा सोपा शब्द असताना झोनबिन कशाला पाहिजे?

खानापूरहून :
पुळण शब्द चांगला आहे पण इथं अर्धाच बसतोय. माझं माहेर कारवारचं, त्यामुळं जरा सविस्तर लिहिते. पुळण म्हणजे वाळूचा सगळाच किनारा, ओली वाळू पण आली कोरडी पण आली, रापण म्हणजे मोठं जाळं किनाऱ्यावरनं ओढतात ती जागा पण पुळणच. मूळ संस्कृत पुलिन, आणि अमरकोशात पुलिनचा अर्थ पाण्यातून वर आलेली जमीन असा आहे, म्हणजे पाणी मागं सरलं की उघडी पडते ती. सरांना पाहिजे ती जागा पाणी सरून उघडी पडत नाही, तिथं पाणी रोज येतच नाही मुळात. आणि दुसरं, पुळण फक्त वाळूची. खडकाळ किनाऱ्यावर पण हा पट्टा असतोच की, खडकाला पुळण कसं म्हणणार?

वाळवंट पण कुणीतरी सुचवणार म्हणून आधीच सांगते. पंढरपूरला चंद्रभागेचं वाळवंट म्हणतात तेव्हा नदीकाठची वाळू हाच अर्थ असतो आणि आपल्या भागातल्या वारकऱ्यांना तो पक्का माहीत आहे, पण शाळेतल्या पोरांच्या डोक्यात वाळवंट म्हटलं की राजस्थान आणि उंटच येणार, त्यामुळं ते नको.

अथणीहून :
आमचं शिक्षण कन्नड शाळेत, तिथं भरती ओहोटीला उब्बर इळित शिकलो. उब्बु म्हणजे फुगणं, इळि म्हणजे उतरणं. किनारपट्टीला करावळी. पण हा जो वरचा पट्टा म्हणतासा त्याला वेगळा शब्द शिकवल्याचं आठवत नाही. आमच्याकडं कृष्णाकाठाला पूररेषा हा शब्द आता सगळ्यांना झालाय बघा, महापूर आल्यापासून तर घर बांधताना पहिला प्रश्न तोच, पूररेषेच्या आत का बाहेर. त्याच धर्तीवर भरतीरेषा म्हणायचं आणि तिच्या वरचा पट्टा म्हणायचं, कुणालाही कळेल.

खानापूरहून :
पूररेषेचा धागा चांगला काढलासा. रेषेवरून नाव द्यायचं हे मला पण पटतंय, फक्त रेषा कुठली ते नीट धरलं पाहिजे, कारण सगळी गोम तिथंच आहे.

भरती दिवसातनं दोनदा येते, साधारण साडेबारा तासांच्या अंतरानं, आणि रोज पन्नासेक मिनिटं पुढं सरकते. आमच्या आजोबांच्या पिढीला घड्याळापेक्षा तिथी जास्त उपयोगी पडायची, तिथीची पाऊणपट करायची म्हणजे भरतीची वेळ ढोबळमानानं निघते, अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. आता मुद्दा असा की रोजची भरती एकाच जागेपर्यंत चढत नाही. अष्टमीच्या आसपास चंद्र सूर्याची ओढ एकमेकांच्या आड येते, तेव्हा पाणी खालीच अडतं, त्याला भांग म्हणतात, भांगाची भरती. अमावस्या पौर्णिमेला दोघांची ओढ एका रेषेत येते आणि पाणी चांगलं वर येतं, ते उधाण. आपल्याकडं घाटावर उधाण म्हटलं की उत्साहाला उधाण, लग्नाच्या खरेदीला उधाण, एवढंच राहिलंय, पण मूळचा शब्द हा समुद्राचा आणि तो सुद्धा ठराविक तिथीचा आहे.

मग भरतीरेषेच्या वरचा पट्टा म्हटलं तर कुठल्या भरतीची रेषा? अष्टमीची धरली तर तिच्या वरची बरीचशी वाळू पौर्णिमेला पाण्याखाली जाते, ती काय सरांचा पट्टा नव्हे. उधाणाचं पाणी पण जिथं थांबतं तिथनं वर खरा पट्टा सुरू होतो. म्हणून माझं म्हणणं, उधाणरेषा म्हणा. उधाणरेषेच्या वरचा पट्टा. शब्द घरचा आहे, अर्थ नेमका आहे, आणि वाळू असो खडक असो दोन्हीला चालतो.

कायद्यात पण हेच धरलंय. सीआरझेड म्हणतात तो किनाऱ्यावरच्या बांधकामाचा नियम 1991 साली आला, मग 2011 आणि 2019 ला नवीन अधिसूचना निघाल्या, आणि त्यात हाय टाइड लाइन ठरवताना उधाणाच्या भरतीचं सगळ्यात वरचं पाणीच धरलंय, रोजच्या भरतीचं नाही. तिथनं आत जमिनीकडं 500 मीटर मोजायचे. म्हणजे सरकारी कागदात सुद्धा रेषा उधाणाचीच आहे, फक्त मराठीत आपण तिला सरसकट भरतीरेषा म्हणून मोकळे होतो.

निपाणीहून :
आक्का, मग गोव्यात ते वेळेर वेळेर म्हणतात ते काय? शॅकवर बसलो होतो तेव्हा तो पोरगा फोनवर वेळेर आसां म्हणत होता, मला वाटलं टायमात आहे म्हणतोय.

खानापूरहून :
ते आमचं कोंकणी. वेळ म्हणजे बीच, दर्यावेळ असं पण म्हणतात, वेळेर म्हणजे किनाऱ्यावर. संस्कृतात वेला, आणि अमरकोशात वेलेचे अर्थ दिलेत समुद्राच्या पाण्याचा चढउतार, काळ आणि मर्यादा, तिन्ही. मराठीनं त्यातला काळ ठेवून घेतला, कोंकणीनं किनारा जपला. हिंदीतल्या शास्त्रीय पुस्तकांत लिटोरलला वेलांचली म्हणतात ते ह्याच वेलेवरनं. पण सर, पाठात ते घालू नका, आपल्या पोरांना वेलांचली वाचून वेली दिसतील, नाहीतर शाळेची वेळ. आणि कोंकणीतली वेळ पण पुळणीसारखीच, सगळा किनारा त्यात येतो.

बेळगावहून :
उधाणरेषा पटली. आता पुढचा प्रश्न, ही रेषा मुलांनी प्रत्यक्ष किनाऱ्यावर गेल्यावर ओळखायची कशी? सहलीला नेतो आम्ही, सगळी पोरं सरळ पाण्यात धावतात, हा पट्टा ओलांडून जातात आणि काही बघतच नाहीत.

खानापूरहून :
हे विचारलंत ते फार बरं झालं. पाण्याकडनं वर चालत यायला सांगा. आधी ओली घट्ट वाळू, पाय उमटतो. मग पाय रुतायला लागतो ती कोरडी वाळू, आणि तिथं काडीकचऱ्याची एक लांब वाकडीतिकडी रेघ दिसते. सुकलेलं शेवाळ, शिंपले, माडाची झावळी, माकुळाचं पांढरं हाड (आपल्याकडं काष्ठौषधीच्या दुकानात समुद्रफेन म्हणून मिळतं तेच, पोपटाच्या पिंजऱ्यात पण टांगतात), आणि हल्ली बाटल्यांची बुचं. पाणी वर चढून थांबलं आणि हातातलं तिथंच टाकून परत गेलं, ती ही रेघ. कधी कधी दोन तीन रेघा असतात, खालच्या ताज्या भरतीच्या, सगळ्यात वरची उधाणाची. तीच उधाणरेषा, पोरांना बोटानं दाखवता येते.

तिच्या वर बिळं दिसतील, मूठभर तोंडाची, बाजूला उकरलेल्या वाळूचा ढीग. त्यात वाळूच्याच रंगाच्या कुर्ल्या, म्हणजे खेकडे, असतात, इतक्या जोरात पळतात की नजर ठरत नाही. ह्या कुर्ल्या हवेत श्वास घेतात पण कल्ले ओले असल्याशिवाय त्यांचं चालत नाही, म्हणून मधनंच खाली जाऊन अंग भिजवून परत वर येतात. खडकाळ किनाऱ्यावर वाळूच्या जागी काळपट पट्टा दिसतो, बारीक शेवाळं आणि दगडफूल धरून काळा झालेला खडक, त्यावर बोटाच्या पेरापेक्षा लहान शंख चिकटलेले असतात, ऊन चढलं की तोंडाचं झाकण घट्ट लावून ओलाव्याची वाट बघत बसतात.

आणि मग मर्यादवेल. सर, हा शब्द तुमच्या पाठात आलाच पाहिजे. पान अगदी आपट्याच्या पानासारखं मधे चिरलेलं, फूल जांभळट गुलाबी, आणि हे फूल आपल्या भागातल्या पोरांनी आधीच पाहिलेलं असतं, कारण बेळगाव तालुक्यात रताळी लावतात ते रताळं आणि ही मर्यादवेल एकाच कुळातली, दोन्हीचं शास्त्रीय नाव आयपोमियानंच सुरू होतं. वाळूवर लांबच लांब पसरते, पेरापेरातनं मुळं सोडते आणि उडणारी वाळू धरून ठेवते, त्या धरलेल्या वाळूचाच पुढं उंचवटा होतो. बी पाण्यावर तरंगत लांब जाऊन दुसऱ्या किनाऱ्याला लागतं. नाव बघा किती नेमकं ठेवलंय जुन्या माणसांनी, समुद्राची मर्यादा जिथं संपते तिथं उगवते ती मर्यादवेल. तिच्या शेजारी टोकदार गवताचे गोल झुबके असतात, तमिळ मल्याळमकडं त्याला रावणाच्या मिशा म्हणतात, ते सुटून वाऱ्यानं वाळूवर गडगडत जातात, पोरांना तेच सगळ्यात आवडेल.

अथणीहून :
वा, रताळ्याचं माहीत नव्हतं. पण एक विचारतो ताई, आपल्या नदीकाठच्या मळीच्या रानासारखं तिथं काही पिकत नाही, मग ती जागा पडीकच म्हणायची ना? महसुलाच्या भाषेत तर तसंच होणार.

खानापूरहून :
नको, पडीक नका म्हणू, कळकळीनं सांगते. एकदा पडीक म्हटलं, मोकळी जागा म्हटलं, की तिथं काहीही केलं तरी चालतं असं माणसाला वाटायला लागतं. वाळू सपाट करायची, वेल उपटून काढायची, खुर्च्या मांडायच्या, दिवे लावायचे. कारवारकडं पण पाहिलंय आणि गोव्यात तर विचारूच नका.

समुद्री कासवं अंडी घालायला बरोबर ह्याच पट्ट्यात येतात. ऑलिव्ह रिडले कासव, गोव्यात मोरजी, आगोंद, गालजीबाग इथं, कोकणात वेळासला. रात्री मादी पाण्यातनं वर येते, उधाणरेषा ओलांडते, मागच्या पायांनी दीड फूटभर खड्डा करते, शंभराच्या आसपास अंडी घालते, वाळू ओढून बुजवते आणि निघून जाते. पन्नासेक दिवसांनी पिल्लं बाहेर येतात. अंडी रेषेच्या खाली पडली तर भरतीच्या पाण्यात कुजतात, फार आत गेली तर पिल्लांना पाणी गाठता येत नाही, आणि पाठीमागं रिसॉर्टचे दिवे असले तर ती समुद्र समजून उलटी तिकडं चालतात. पिल्लू नर होणार का मादी हे सुद्धा त्या वाळूच्या ऊबेवर ठरतं, वाळू जास्त तापली की माद्या जास्त. एवढं सगळं जिथं चालतं ती जागा पडीक कशी हो?

माणसांचं पण तिथंच चालतं. पावसाळ्याआधी होड्या वर ओढतात त्या ह्याच पट्ट्यात, झापांनी झाकून ठेवतात, नारळी पौर्णिमेपर्यंत तिथंच. मासळी सुकवायला तिथंच, जाळी दुरुस्त करत बसायला तिथंच. मच्छीमाराला विचारा ही जागा पडीक आहे का म्हणून.

निपाणीहून :
खाजण म्हणजे पण हीच जागा का मग? गोव्यात ऐकलाय तो शब्द.

खानापूरहून :
नाही, खाजण बरोबर उलट. ती भरतीच्या पातळीच्या खालची जमीन, बांध घालून खारं पाणी बाहेर अडवलेलं असतं आणि दार बसवलेलं असतं, त्याला मानस म्हणतात, त्यातनं पाणी आत बाहेर करतात. तिथं भात पिकतं. आपण बोलतोय ती जागा उधाणाच्या वर, बांध न घालता कोरडी राहिलेली. कांदळवन पण ह्यात येत नाही, ते भरती ओहोटीच्या मधल्या चिखलात.

बेळगावहून :
ठरलं मग. पाठात असं लिहितोय, बघून सांगा : "उधाणरेषेच्या वरचा पट्टा म्हणजे समुद्राचे पाणी जिथे कधीच येत नाही, पण खारे वारे आणि लाटांचे तुषार पोचतात अशी जागा. मर्यादवेल इथे उगवते." खाली कचऱ्याच्या रेघेचं आणि कुर्ल्यांचं चित्र काढून घेतोय.

खानापूरहून :
छान झालंय सर, दोनच बदल करा. "कधीच येत नाही" काढा, "वादळाशिवाय सहसा येत नाही" करा, नाहीतर पोरं वादळी हवेत पण तिथं बिनधास्त उभी राहतील. आणि चित्रात कुर्लीचं बीळ कचऱ्याच्या रेघेच्या वर दाखवा, बऱ्याच पुस्तकांत ते ओल्या वाळूत काढलेलं असतं. चित्रकाराला मर्यादवेलीचा फोटो लागला तर मी भावाला सांगून पाठवते, सध्या फुललीय.