हेंडनचे लिबरेटर पुण्यातून गेले का?

शोधयात्री
लंडनमधील हेंडनच्या रॉयल एअर फोर्स संग्रहालयात दुसऱ्या महायुद्धातील लिबरेटर हे चार इंजिनांचे बॉम्बफेकी विमान नुकतेच पाहिले. त्याच्या बॉम्बकप्प्याचे दरवाजे खाली न उघडता दुकानाच्या शटरसारखे अंगालगत वर सरकतात, ते न्याहाळण्यातच माझा बराच वेळ गेला. तिथे भेटलेल्या एका गृहस्थांनी हे विमान भारताकडून आल्याचे सांगितले. अमेरिकेने अशी अठरा हजारांवर विमाने बांधलेली असताना ब्रिटिशांना ते आपल्याकडून का घ्यावे लागले? शिवाय त्याचा पुण्याशी संबंध होता, हे खरे आहे का?

भंगारप्रेमी
युद्ध संपताच अमेरिकेने आपली बहुतेक लिबरेटर वितळवून ॲल्युमिनियम वेगळे काढले. भारतात असलेली ब्रिटिशांकडची विमाने अमेरिकेच्या उधार-भाडेपट्टा (लेंड-लीज) कराराखाली मिळालेली असल्याने ती परत करणे किंवा निकामी करणे भाग होते. म्हणून कानपूरच्या चकेरी विमानतळावर त्यांची मोडतोड करून, काहींच्या इंजिनांत वाळूही ओतून, ती तशीच टाकून देण्यात आली. स्वातंत्र्यानंतर नव्या बॉम्बफेकी विमानांसाठी पैसा नसल्याने बंगळूरच्या हिंदुस्तान एअरक्राफ्ट या विमान कंपनीने हेच भंगार उपसले आणि जागेवरच जुजबी डागडुजी केली. मग वैमानिक जमशेद मुन्शी यांनी ती एकेक करून बंगळूरला उडवत नेली. तिथे पूर्ण दुरुस्ती होऊन सुमारे चाळीस विमाने हवाई दलाला मिळाली आणि १९६८च्या अखेरपर्यंत सेवेत राहिली. आज जगातल्या मोजक्या शिल्लक लिबरेटरपैकी हेंडन, ओटावा, ॲरिझोनातील टूसॉन आणि दिल्लीतील पालम इथली विमाने याच ताफ्यातली आहेत. जतन करावे म्हणून कोणी ती राखली नव्हती; आपल्याला टाकून देणे परवडत नव्हते, एवढेच.

लोहगावकर
पुण्याचा संबंध खरा आहे. सागरी टेहळणी करणारी हवाई दलाची ६ क्रमांकाची स्क्वाड्रन (तुकडी), जी आता जामनगरला असते, ती लिबरेटरच्या काळात पुण्यात होती. हेंडनचे विमान ब्रिटिश नोंदीत केएन ७५१, तर आपल्याकडे एचई ८०७ होते. ते १९७४ साली उडतच ब्रिटनला गेले. खोक्यात घालून जहाजाने धाडलेले नाही, याचे मला अजूनही अप्रूप वाटते.

काटेकोर
विमानाबरोबर तळाचाही विचार व्हावा. हेंडन हे स्वतः एक जुने विमानतळ. तिथे संग्रहालय राहिले, पण धावपट्टीच्या जागी गृहवसाहत उभी राहिली. पुण्यातील लोहगाव हवाई तळाचे नेमके उलट झाले. १९३९चा हा तळ आजही लढाऊ विमाने आणि प्रवासी वाहतूक दोन्ही सांभाळतो, मात्र लष्करी हद्द असल्याने सामान्य माणसाला त्याचा युद्धकालीन इतिहास तिथे जाऊन पाहता येत नाही. नव्या टर्मिनलच्या प्रतीक्षागृहातली एक भिंत या कहाणीसाठी मिळाली, तर त्याला हद्दीचीही अडचण येणार नाही.

शोधयात्री
सर्वांचे आभार. पुढच्या दिल्लीवारीत पालमचे लिबरेटर पाहीन आणि शटरचे दरवाजे तिथेही तपासून येईन.