छेत्रीला परत बोलावणं: गरज की पळवाट?

शून्यकोन
6 जून 2024 ला कोलकात्याच्या सॉल्ट लेकवर कुवेतविरुद्धचा सामना 0-0 सुटला आणि भारताचा फुटबॉल कॅप्टन सुनील छेत्री निवृत्त झाला. 151 सामने, 94 गोल. नऊ महिन्यांनी कोच मानोलो मार्केझने त्याला परत आणलं, तेव्हा वय 40. माझ्या मते ती घोडचूक होती. हिशोब बघा. मार्च 2025 मध्ये शिलाँगला मालदीववर 3-0, त्यात त्याचा एक हेडर. मग एशियन कप पात्रता: बांगलादेशशी 0-0, हाँगकाँगकडून 0-1, सिंगापूरशी तिकडे 1-1, घरी गोव्यात फातोर्ड्यावर 1-2. पात्रतेत त्याचा गोल शून्य आणि 2027 चा एशियन कप हातातून गेला. 157 सामने, 95 गोलांवर कारकीर्द थांबली. म्हणजे सहा सामन्यांत एक गोल, तोही मैत्रीपूर्ण सामन्यात. ते सहा सामने पंचविशीतल्या कुणाला दिले असते तर निदान काहीतरी उभं राहिलं असतं.

दुसरा_पोस्ट
पंचविशीतला कुणी म्हणजे कोण? नाव घ्या ना. 2024 मध्ये भारताने एकही सामना जिंकला नाही. एशियन कपमध्ये ऑस्ट्रेलिया, उझबेकिस्तान, सीरिया, तीन सामने, एक गोल नाही. त्यानंतर 2024-25 च्या आयएसएलमध्ये (इंडियन सुपर लीग) भारतीयांत सर्वाधिक गोल कुणाचे? याच चाळिशीतल्या माणसाचे, 14. दुसऱ्या नंबरवर गोव्याचा ब्रायसन फर्नांडिस, सात, आणि तो काही नंबर नऊ, म्हणजे मधला स्ट्रायकर, नाही. त्याच्यामागे सुभाशिष बोस. लेफ्ट बॅक, म्हणजे बचावपटू! कोचने टीम निवडायची ती फॉर्मवरच ना?

शून्यकोन
फॉर्म क्लबचा आणि काम देशाचं, यात फरक आहे. बेंगळुरूत त्याला ठरावीक मिनिटं मिळत होती, बरेचदा दुसऱ्या हाफमध्ये, समोरचे डिफेंडर दमलेले असताना. बांगलादेशविरुद्ध त्याला एकट्याला टोकाला उभं केलं. एकट्या स्ट्रायकरची तीन कामं असतात: दोन सेंटर बॅकना (मधल्या बचावपटूंना) गुंतवून ठेवायचं, गोलकडे पाठ करून बॉल घ्यायचा आणि विंगर (कडेचे खेळाडू) वर येईपर्यंत टिकवायचा, आणि बॉल गेला की पहिला प्रेस, म्हणजे धावून जाऊन दबाव, त्यानेच सुरू करायचा. 5 फूट 7 इंचांच्या, चाळिशीच्या खेळाडूकडून तिन्ही कामं ऐंशी मिनिटं कशी होणार? पहिला प्रेस अर्धा सेकंद उशिरा आला की समोरचा सेंटर बॅक आरामात मान वर करून पास शोधतो आणि मागची अख्खी फळी दहा यार्ड खाली सरकते. मग बॉल जिंकला तरी गोल साठ यार्डांवर.

अंधेरी_पूर्व
हे पटलं. पण खापर छेत्रीवर का? तो गोल कसे करतो ते आधी बघा. उंचीच्या जोरावर तो कधीच खेळला नाही. त्याचं सगळं पहिल्या पावलावर. क्रॉस येण्याआधी डिफेंडरच्या पाठीमागे, त्याच्या नजरेच्या बाहेर राहायचं, आणि विंगरने मान खाली घातली की डिफेंडरच्या पुढून निअर पोस्टला (जवळच्या खांबाकडे) घुसायचं. 2019 चा ओमान सामना आठवा, गुवाहाटी. डावीकडच्या फ्री किकवर मडगावच्या ब्रँडन फर्नांडिसने बॉल हवेत न टाकता जमिनीलगत मारला. छेत्री घोळक्यातून सुटून आला आणि पहिल्याच टचला डाव्या पायाने गोल. त्याच वर्षी थायलंडविरुद्धचा दुसरा गोल: विंगर उदांताची उजवीकडची धाव, बॉल आत, थांबवणं-बिंबवणं नाही, सरळ फटका. या गोलांना देणारा लागतो. आपले विंगर गोललाइनपर्यंत जाऊन मागे पास देण्याऐवजी आत वळून स्वतः मारतात. फातोर्ड्यावर विंगर छांगतेने तसाच लांबून सुंदर गोल केला, मान्य. पण रोज बसत नाही तो.

हाँगकाँगला विंगर लिस्टनने एकदा लाइनवरून मागे पास दिलाही. आशिक एकटा समोर, बॉल बाहेर. तेव्हा छेत्री बेंचवर होता.

गोलंदाज_नव्हे
गोल, गोल काय लावलंय. 95 मधले मालदीव, नेपाळ, बांगलादेश, पाकिस्तानवाले बाजूला काढा आणि मग बोला. रोनाल्डो, मेस्सी, अली दाई यांच्यानंतर नाव घेताना जरा लाज वाटू द्या. आणि 2019 मध्ये दोह्याला कतारशी 0-0 केलं, तेव्हा हा आजारी होता, खेळलाच नव्हता. अलीकडच्या काळातला भारताचा सगळ्यात मोठा निकाल त्याच्याविना आहे.

अंधेरी_पूर्व
@गोलंदाज_नव्हे त्या 0-0 मध्ये गोलकीपर गुरप्रीतने किती बॉल अडवले ते सांगा की. नव्वद मिनिटं स्वतःच्या बॉक्ससमोर उभं राहायला स्ट्रायकर लागतच नाही. बाजूला काढायचेच तर हेही सोबत ठेवा: 2008 ला दिल्लीत ताजिकिस्तानविरुद्ध एएफसी (आशियाई) चॅलेंज कप फायनलमध्ये हॅटट्रिक, 4-1. त्या एका विजयावर आपण 27 वर्षांनी एशियन कपला गेलो. तिथे 2011 ला बहरीन आणि दक्षिण कोरिया दोघांवर गोल. 2010 ला पुण्यात बालेवाडीला व्हिएतनामविरुद्ध तीन. कच्च्या टीमवर गोल सगळेच करतात, असं म्हणायचं असेल तर आपल्या इतर स्ट्रायकरनी का नाही केले? त्यांनाही तेच मालदीव मिळालं होतं.

चार_दोन_तीन_एक
खरा मुद्दा राहूनच जातोय. 2021-22 पासून आयएसएलमध्ये मैदानावर परदेशी पाचचे चार झाले, पण क्लबांनी ते चार ठेवले कुठे? सेंटर बॅक, मिडफिल्डमध्ये एक-दोन, आणि नंबर नऊ. म्हणजे मधला कणा परदेशी, भारतीय गेले कडेला. मनवीर सिंगसारखा धिप्पाड स्ट्रायकर मोहन बागानमध्ये उजव्या विंगला झिजला. खुद्द छेत्री 2017-18 ला बेंगळुरूत परदेशी स्ट्रायकर मिकू मधल्या जागी असल्यामुळे डावीकडून खेळला. 14 गोल केले, पण ते छेत्री म्हणून. दर आठवड्याला बॅककडे पाठ करून बॉल घ्यायची सवयच नसेल, तर देशाच्या जर्सीत दहा दिवसांच्या शिबिरात ती कोण शिकवणार? मार्केझ गोव्याच्या क्लबलाही सांभाळत होता आणि देशालाही. त्याने हाताशी होतं ते उचललं.

शून्यकोन
हाच तर माझा मुद्दा आहे! हाताशी होतं ते उचललं, म्हणून दुसरं शोधायची घाई कुणालाच उरली नाही. मार्केझनंतर खालिद जमील आला. आपल्या मुंबई एफसीवर त्याने वर्षानुवर्षं काढली, आयझॉलला लीग जिंकवून दिली. काफा नेशन्स कपला (मध्य आशियाची स्पर्धा) त्याने छेत्रीला नेलं नाही. ताजिकिस्तानला त्यांच्याच घरी 2-1 हरवलं, ओमानला पेनल्टीवर. तिसरा नंबर. आणि मग ऑक्टोबरमध्ये सिंगापूरसमोर परत छेत्री! जमत असलेली टीम मोडायचं कारण काय?

दुसरा_पोस्ट
काफाचे गोल कुणाचे ते लिहायचं सोयीने राहिलं वाटतं. ताजिकिस्तानवर अन्वर अली आणि संदेश झिंगन, दोघं सेंटर बॅक. इराणशी 0-3, अफगाणिस्तानशी 0-0, ओमानवर उदांता. चार सामने, स्ट्रायकरचा गोल एकही नाही. पात्रतेत गोल लागत होते, म्हणून जमीलने छेत्रीला परत आणलं. आणि नोव्हेंबरमध्ये तुमच्या मनासारखं झालंच, छेत्री कायमचा बाहेर. ढाक्यात बांगलादेशने 1-0 हरवलं, 22 वर्षांत पहिल्यांदा.

गोलंदाज_नव्हे
तरी नाव नाहीच आलं, पंचविशीतला तो कोण.

शून्यकोन
इरफान याडवाड. गोव्याचाच आहे. गोलकडे पाठ करून बॉल घेतो, हवेत भांडतो. गोल कमी आहेत, मान्य. सलग दहा सामने साठ-साठ मिनिटं द्या, मग मोजा.

चार_दोन_तीन_एक
द्या की. आधी त्याच्या क्लबला सांगा, परदेशी स्ट्रायकर बसवा म्हणून.