हाताच्या पंजाहून मोठा पतंग, पंखांवर काचेसारखे गोल. मराठीत याला काय म्हणतात?

पायवाट (ब्रह्मपुरी):
नमस्कार. परवा रात्रीपासून हा पाहुणा व्हरांड्यातल्या दिव्याजवळ भिंतीला चिकटून बसलाय. रंग विटकरी. चारही पंखांवर एकेक गोल, आणि त्या गोलातून चक्क भिंतीचा चुना दिसतो! ॲप ‘अँथेरिया पाफिया’ म्हणतं, पुस्तकात तशाच चित्राखाली ‘मायलिट्टा’ लिहिलंय. लेक विचारते, मराठी नाव काय? साखरपाणी ठेवलंय, पण तोंड लावत नाही.

जुनापाला:
टसर रेशमाचा पतंग. शास्त्रीय नाव देताना लिनियसनं १७५८ मध्ये पाफिया म्हटलं, ड्रुरीनं १७७३ मध्ये मायलिट्टा. गंमत म्हणजे दोन्ही नावं प्रेमदेवतेचीच, एक सायप्रसची, दुसरी बॅबिलोनची. बरेच अभ्यासक दोन्ही एकच जात मानतात, म्हणून जुनं नाव धरतात. टसर उत्पादनाच्या पुस्तिकांत मात्र मायलिट्टाच सापडेल.

येनाची_सावली:
ताई, आधी साखरपाणी उचला. या पाखराला खाण्याजोगं तोंडच नसतं. अळी असताना पाला खाऊन जे साठवलं, त्यावरच ते थोडे दिवस जगतं.

आरमोरीकडच्या आमच्या घरात याला ‘कोशाचं पाखरू’ म्हणत. आजोबा येनाच्या झाडावर (तुमचा ऐन) कोसा, म्हणजे टसरचे किडे, पाळायचे. बियाण्यासाठी राखलेले कोसे, म्हणजे कोश, माळेत ओवून आढ्याला टांगलेले असत. संध्याकाळी आजी एकेका कोशाला बोट लावून बघायची. देठाकडचं टोक ओलं लागलं की म्हणायची, “हा आज निघते.” बाहेर आल्यावर पंख पिळलेल्या फडक्यासारखे, मग हळूहळू ताठ होत. मादी माळेवरच बसून राहायची, नर घरभर भिरभिरायचे. पुढे अंडी पानांच्या द्रोणात घालून झाडाला टाचायची, आणि अळ्या मोठ्या होईपर्यंत आजोबा गोफण घेऊन पक्षी हाकत जंगलातच.

तसर म्हणजे संस्कृतात विणकराचा धोटा. कोसा हेही नाव कवचाचं, धाग्याचं. पाखराचं स्वतःचं नाव मी तरी घरातच ऐकलं, म्हणून लेकीला तेच सांगा.

त्याच्या मिशा पिसासारख्या रुंद आहेत का? मग नर आहे. मादीच्या वासावर निघाला असेल, दिव्यानं अडकवलाय. आज तेवढा दिवा लावू नका.

पायवाट:
मिशा पिसासारख्याच! दिवा लावला नाही. साडेआठला पंख थरथरवत बसला होता, लेक पायरीवरून बघत होती. नऊला गेला, चिंचेच्या बाजूला. वहीत तिनं लिहिलंय: कोशाचं पाखरू, नर.