‘त्या रात्रीची बायको’ म्हणावं का?

यासुजिरो ओझूच्या १९३० सालच्या मूकपटाचं नाव आहे ‘सोनो यो नो त्सुमा’. शब्दाला शब्द ठेवला तर ‘त्या रात्रीची बायको’. आमच्या फिल्म सोसायटीच्या फलकावर मी तेच लिहिलं आणि वाचणाऱ्या पहिल्याच बाईंच्या कपाळाला आठ्या पडल्या. मराठीत ते एका रात्रीपुरत्या बाईसारखं वाचलं जातं, आणि गोष्ट तर अगदी उलट आहे. शूजीची लहान मुलगी अत्यवस्थ, औषधाला पैसे नाहीत. तो पिस्तूल दाखवून एका कचेरीतली रोकड पळवतो, टॅक्सीने घरी येतो. टॅक्सी चालवणारा निघतो वेषांतर केलेला पोलीस. डॉक्टरांनी सांगितलेलं, आजची रात्र निभली तर पोर वाचेल. म्हणून शूजीची बायको मायूमी, अंगात किमोनो, एका हातात नवऱ्याचं पिस्तूल आणि दुसऱ्या हातात पोलिसाकडून काढून घेतलेलं, स्वतःचा डोळा लागेपर्यंत त्या पोलिसाला खोलीत अडकवून ठेवते. या बाईला शोभेल असं नाव सुचवा.

— दोष ‘ची’चा नाही. ‘त्या रात्रीची आई’ म्हणून बघा, काहीच खटकत नाही. त्या रात्री आई कशी होती तेच डोळ्यांपुढे येतं. ‘बायको’मागे ‘ची’ आली की मात्र प्रकार कळतो: पहिल्या घरची, दुसरेपणाची. ‘पत्नी’ लिहून सुटका नाही, अर्थ तोच राहील.

— शिवाय बोलताना ‘त्सुमा’ म्हणतो तो नवरा, स्वतःच्या बायकोविषयी. दुसऱ्याच्या बायकोला ‘ओकुसान’. तेव्हा ‘बायको’च हवं, घरातलं. ‘बायको, त्या रात्री’ केलंत तर? रात्र नुसती वेळ होते, बायकोला चिकटत नाही.

— फलकावर ‘दरोडा’ लिहिलं असेल तर तेही बदला. कायद्याने दरोड्याला किमान पाच माणसं लागतात. एकट्याने पिस्तूल रोखून केली ती जबरी चोरी.

‘बायको, त्या रात्री’ पक्कं. ‘जबरी चोरी’ही घेतो. शेवटच्या ओळीत मी ‘शूजी शरण येतो’ लिहिलं होतं, तेही खोडलं. सकाळी पोरीला उतार पडतो, पोलीस झोपेचं सोंग घेऊन त्याला जाऊ देतो, आणि तो जाऊन आपणहून परत येतो. शरण हरलेला येतो. आपल्याकडे म्हणतात तसं, तो हजर झाला.