मराठीत लिहिलेला चेक वटला नाही. नियम नक्की काय आहे?

करीरोड_दुसरा_मजला

नमस्कार मंडळी. प्रश्न बाबांचा आहे, विचारतेय मी.

बाबा ७९ वर्षांचे, बेस्टमधून कंडक्टर म्हणून निवृत्त. आपल्या बसच्या कपाळावर नंबर मराठीत असतो हे इथे कुणाला सांगायला नको. शाळा गावची, नोकरी ही अशी, त्यामुळे बाबांच्या हाताला इंग्रजी आकडे कधी बसलेच नाहीत. दुधाचा हिशेब, गॅसवाल्याचा नंबर, दाराच्या चौकटीवर नातवाची उंची, सगळं मराठी आकड्यांत.

तर संगमेश्वरकडच्या आमच्या गावात देवळाचा जीर्णोद्धार चाललाय. बाबांनी ११०१ रुपयांचा चेक पाठवला. सगळा मराठीत. नाव, तारीख, सही, अक्षरी 'अकराशे एक रुपये फक्त' आणि चौकोनात ११०१. पंधरा दिवसांनी खजिनदारांचा फोन, "तात्या, तुमचा चेक वटला नाही ओ." आता गावात हे वाक्य कसं फिरतं ते कोकणातल्या माणसांना वेगळं सांगत नाही. बाबा दोन दिवस जेवले नाहीत नीट. खात्यात पैसे होते, पेन्शन नुकतीच जमा झालेली.

मेमोवर कारण काय, तर अक्षरी आणि अंकी रक्कम जुळत नाही. मी चेकचा फोटो तीनदा बघितला तेव्हा ट्यूब पेटली. आपला १ जरा निरखून बघा. इंग्रजी नऊच आहे की तो! कुणाला तरी ११०१ मध्ये नऊ हजार नऊशे नऊ दिसले.

शाखेत गेलो. काउंटरवरचा मुलगा वागायला चांगला होता, पण म्हणाला, "अंकल, हिंदी या इंग्लिश में भरिए ना." बाबा म्हणाले, "मग हे हिंदीच आहे असं समज बाळा, अक्षरं तीच आहेत." तो हसला, मीही हसले, पण चेक परत तो परतच. वर चेक परत आल्याचा दंड आणि त्यावर जीएसटी.

मुंबईत, सरकारी बँकेत, मराठीत चेक लिहायचा नाही असा काही नियम आहे का? आणि दंड परत मागता येतो का? भाऊ म्हणतो, कशाला वाद घालतेस, इंग्रजीत लिही आणि मोकळी हो.

सायडिंगला_उभा

ताई, यूपीआय शिकवा बाबांना. २ मिनिटांचं काम. चेक कोण लिहितं आता? आणि शेवटी हिंदी राष्ट्रभाषा आहे, बँक केंद्र सरकारची, त्यामुळे तो मुलगा चुकीचं बोलला नाही.

करीरोड_दुसरा_मजला

यूपीआय त्यांना येतं, भाजीवाल्याला तेच देतात. देवाला चेकच द्यायचा असतो असं त्यांचं म्हणणं आहे. पावतीवर चेक नंबर येतो ना.

पार्ल्याचा_पेन्शनर

ताई, चौतीस वर्षं एका सरकारी बँकेत काढली, त्यातली शेवटची सहा राजभाषा कक्षात, म्हणजे बँकेत हिंदीचा वापर किती होतो ते बघणाऱ्या विभागात. म्हणजे काउंटरच्या दोन्ही बाजू पाहिल्यात. जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

आधी वरच्या भाऊंसाठी. राष्ट्रभाषा हा शब्द घटनेत हिंदीला कुठेच लावलेला नाही. ३४३ व्या कलमात ती संघाची राजभाषा आहे, म्हणजे केंद्राच्या कारभाराची. महाराष्ट्राची राजभाषा मराठी, त्याचा अधिनियम १९६४ चा. २०१० मध्ये गुजरात उच्च न्यायालयापुढे मालाच्या वेष्टनावर हिंदीत छापा अशी याचिका आली होती, तेव्हा न्यायालयानेही हिंदी राष्ट्रभाषा म्हणून जाहीर झाल्याची नोंद नाही, असंच म्हटलं.

आता चेक. रिझर्व्ह बँकेच्या ग्राहकसेवेच्या सूचनांमध्ये हे लिहिलेलं आहे. कोरा चेक हिंदी-इंग्रजीत छापायचा, ग्राहकाने मात्र तो हिंदीत, इंग्रजीत किंवा त्या भागातल्या भाषेत लिहिला तरी चालतो. करीरोडला त्या भागातली भाषा कोणती ते कुणाला विचारायला नको. त्याच सूचनांमध्ये एक गंमत आहे. हिंदीत शकाची तारीख घातलेला चेकसुद्धा बँकेने घ्यायचा, कारण १९५७ पासून शक हे राष्ट्रीय पंचांग. 'चैत्र अमुक, शके तमुक' लिहिलेला एक तरी चेक बघायला मिळावा म्हणून मी वाट पाहत होतो, नाही मिळाला. पासबुकं, खातं उघडायचे फॉर्म, पैसे भरायच्या स्लिपा, सगळं तीन भाषांत ठेवायचं हेही तिथेच आहे.

दुसरं, एनआय ॲक्ट, म्हणजे चेक-हुंड्यांचा कायदा, १८८१ चा. त्याचं कलम १८ सांगतं की अक्षरी आणि अंकी रकमेत फरक पडला तर अक्षरी रक्कम धरायची. व्यवहारात बँका असा चेक परत पाठवतात, खरी तफावत असेल तर त्यात मी दोष देणार नाही. पण तुमच्या चेकवर तफावत नव्हतीच. अकराशे एक म्हणजे अकराशे एक. वाचणाऱ्याला वाचता आलं नाही, इतकंच.

हा वाचणारा कोण, तेही सांगतो. चेक आता कागद म्हणून शहरभर फिरत नाही. जिथे भरला तिथे त्याचं चित्र काढतात आणि ते चित्र ज्या बँकेवर चेक काढलाय तिच्याकडे जातं. तुमच्या गावच्या शाखेत बसलेल्याने ११०१ बरोबर वाचून तेच टाईप केलं असणार, तो आपला माणूस. पलीकडे पडद्यासमोर बसलेला कुठल्याही राज्यातला असू शकतो, आणि त्याच्यासमोर चेकची रांग लागलेली असते. कदाचित तो हिंदी भाषिकही असेल, आणि तरीही १ बघून अडला असेल. याचं मूळ १९४९ मध्ये आहे. घटना समितीत हिंदीवरून जेवढं वाजलं, तेवढंच आकड्यांवरून वाजलं. शेवटी समितीतल्या मुन्शी आणि अय्यंगार या दोन सदस्यांचा तोडगा निघाला. लिपी देवनागरी, पण संघाच्या कामासाठी आकडे 'भारतीय अंकांचे आंतरराष्ट्रीय रूप', म्हणजे आपण ज्यांना इंग्रजी आकडे म्हणतो ते. त्यामुळे सरकारी हिंदीतून देवनागरी आकडे हळूहळू गेले. आपल्याकडे मराठी शाळेच्या गणितात आणि बसच्या कपाळावर राहिले. तुमच्या बाबांचे आकडे सरकारी हिंदीपेक्षा जास्त देवनागरी आहेत!

आता मनातलं. आमच्या कक्षातून दर तिमाहीला प्रगती अहवाल जायचा. हिंदीत किती पत्रं आली, कितींना हिंदीत उत्तर दिलं, किती टिपणं हिंदीत, किती कर्मचारी 'प्राज्ञ' ही हिंदीची परीक्षा पास झाले. १९७६ च्या राजभाषा नियमांत हिंदीच्या वापरासाठी देशाचे क, ख, ग असे तीन भाग आहेत, महाराष्ट्र 'ख' मध्ये, गुजरात आणि पंजाबच्या पंगतीत. संसदीय समितीची पाहणी लागली की शाखेत लग्नघर व्हायचं. रबरी शिक्के नवे, नावाच्या पाट्या नव्या, सप्टेंबरच्या हिंदी पंधरवड्यातले निबंध स्पर्धेचे फोटो अल्बममध्ये. मी ते काम मन लावून केलं, हिंदीवर माझा राग नाही. पण त्या अहवालात मराठीचा रकाना नव्हता. एकदा मी शेऱ्यात लिहिलं, 'शाखेतील मराठी स्लिपा संपल्या आहेत, मागवाव्यात.' वरून फोन आला, "शेऱ्यात हिंदीविषयी लिहायचं असतं."

तीन भाषा सूचनांमध्ये आहेत, पण एकीच्या मागे अधिकारी, अहवाल, पाहणी आणि बक्षीस. इंग्रजीला मागे कुणी लागत नाही, ती चालतेच. तिसरीबद्दल वरून कुणी विचारतच नाही, मग खाली कोण काळजी करणार? २०२५ मध्ये पहिलीपासून हिंदीचा शासन निर्णय निघाला, केवढा गदारोळ झाला, २९ जूनला मागे घ्यावा लागला. तो गदारोळ व्हायलाच हवा होता. पण स्लिपा संपल्या म्हणून मोर्चा निघत नाही.

तक्रार मराठीतच करा. ३५० व्या कलमाने गाऱ्हाणं संघात किंवा राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत मांडायचा हक्क दिलाय. फक्त उत्तर कोणत्या भाषेत द्यायचं ते त्यात नाही. हिंदी पत्राला हिंदीतच उत्तर द्यायचं बंधन १९७६ च्या नियम ५ मध्ये आहे, मराठी पत्राला इंग्रजीत उत्तर आलं तर नियम कुठलाच मोडत नाही. हे मी स्वतः पाठवलेलं आहे, कबूल करतो.

अर्जात लिहा की तफावत नव्हती, वाचण्यात चूक झाली, दंड जीएसटीसह परत करावा. चेकचा फोटो आणि मेमोची झेरॉक्स जोडा, पोच घ्या. ३० दिवसांत दाद लागली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. काउंटरवरच्या मुलाच्या नावाने लिहू नका, त्याने चेक परत केलेला नाही.

आणि पुढच्या वेळी चौकोनात इंग्रजी आकडे घाला, बाकी सगळं मराठी ठेवा. हे लिहिताना मला आनंद होत नाहीये.

किंग्ज_सर्कल_६०५

मी तमिळ. महापालिकेच्या तमिळ शाळेत शिकलो, मराठी नंतर मार्केटात आणि ऑफिसात. चुका दिसल्या तर माफ करा. पालिका आठ माध्यमांत शाळा चालवते हे इथल्या बऱ्याच जणांना माहीत नसतं.

पेन्शनर साहेबांनी क, ख, ग सांगितलं, एक राहिलं. १९७६ चे ते नियम तमिळनाडूला लागूच नाहीत, पहिल्याच नियमात तसं लिहिलंय. १९६५ ची हिंदीविरोधी आंदोलनं झाली नसती तर तसं लिहिलं गेलं असतं असं मला वाटत नाही. माझे काका तेव्हा मदुराईत कॉलेजात होते, अजून ते दिवस सांगतात.

पण गंमत बघा. तमिळला स्वतःचे आकडे आहेत. माझ्या आजीला येत होते, मला फक्त एक आणि दहा ओळखता येतात. भाषेसाठी लोकांनी जीव दिला आणि आकडे आमच्याकडून कधी गेले ते कळलंसुद्धा नाही. ताईंचे बाबा अजून दुधाचा हिशेब मराठीत लिहितात हे वाचून मला हेवा वाटला. त्यांना इंग्रजी आकडे घालायला नका सांगू. बँकेलाच १ शिकवा.

सायडिंगला_उभा

राष्ट्रभाषेचं मागे घेतो. शाळेत तसंच सांगितलं होतं. यूपीआयवर ठाम आहे.

करीरोड_दुसरा_मजला

सगळ्यांचे आभार, काकांचे जास्त. सगळं बाबांना मोठ्याने वाचून दाखवलं. शकाच्या तारखेवर ते इतके खूश झाले की कालनिर्णय काढून आजची तिथी बघायला लागले. ते हिंदी चेकसाठी आहे म्हटल्यावर म्हणाले, "अक्षरं तीच आहेत." त्यांना कसंबसं आवरलं.

अर्ज मराठीत दिला, पोचेवर शिक्का मिळाला. शिक्का हिंदी-इंग्रजी आहे, काका, तुमची आठवण आली. काउंटरवर तोच मुलगा होता. त्याने मोबाईलवर मराठी आकड्यांचं चित्र काढलं आणि बाबांना विचारत एकेक वाचलं. सहा आणि नऊला अडला.

नवीन चेकचा विषय घरात वाजला. मी म्हटलं, चौकोनात इंग्रजी घाला. किंग्ज सर्कलच्या दादांचं वाचल्यापासून बाबा ऐकेनात. शेवटी गावचे खजिनदार फोनवर म्हणाले, "तात्या, कळस चढायच्या आत पैसे येऊ देत." तेव्हा तयार झाले. वहीत चार वेळा गिरवून मग चौकोनात इंग्रजीत अकराशे एक लिहिले, सुबक. अक्षरी मराठी. सही मराठी. आणि तारीख सवयीने मराठीतच घातली, त्यात दोन वेळा १.

खाडाखोड नको म्हणून तो फाडला. आता चेकबुकात तीनच उरलेत. उद्या सकाळी चहा झाल्यावर लिहायचं ठरलंय. वटला की इथे कळवते.