परिवीक्षा समाप्तीचा आदेशच निघाला नाही, म्हणून पदोन्नतीला अपात्र?

फाईल_नंबर_शून्य
महाराष्ट्र शासनाच्या सेवेतलं नेहमीचं प्रकरण घ्या. नियुक्ती नामनिर्देशनाने (म्हणजे सरळसेवेने), परिवीक्षा (नोकरीच्या सुरुवातीचा पारखण्याचा काळ) दोन वर्षांची, विभागीय परीक्षा मुदतीत आणि मिळालेल्या संधींत पास. पाच वर्षं झाली तरी परिवीक्षा समाप्तीचा आदेश नाही, कारण प्रस्ताव आस्थापना शाखेत पडून. निवडसूचीचं (पदोन्नतीसाठी निवडलेल्यांच्या यादीचं) वर्ष १ सप्टेंबरला सुरू झालं, नाव विचारक्षेत्रात (ज्यांचा पदोन्नतीसाठी विचार होतो त्यांच्यात) आलं आणि शेऱ्याच्या रकान्यात पडलं : 'परिवीक्षा समाप्त नाही, सबब अपात्र.' माझ्या मते हा शेरा बेकायदा आहे. १९६८ च्या धरमसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंच आहे की कमाल परिवीक्षा संपल्यावरही माणसाला पदावर ठेवला, तर तो कायम झाला असंच धरायचं.

नियम_आधी
धरमसिंग सगळे सांगतात, त्यातली अट कोणी सांगत नाही. तिथे पंजाबच्या नियमात तीन वर्षांची कमाल मर्यादा होती आणि त्यापुढे वाढ देताच येत नव्हती. २००१ च्या सत्यनारायण झवर निकालात तीन प्रकार वेगळे केलेत. नियमात कमाल मर्यादाच नसेल, तर नुसतं कामावर राहिल्याने कोणी कायम होत नाही. कमाल मर्यादा असेल आणि पुढे वाढवायला बंदी असेल, तर मानीव कायम, म्हणजे आदेश नसला तरी कायम धरायचं. मर्यादा असूनही परीक्षा पास होणं किंवा स्वतंत्र आदेश काढणं ही अट असेल, तर पुन्हा मानीव काही नाही. तेव्हा आधी तुमच्या पदाचे सेवाप्रवेश नियम आणि नियुक्ती आदेशातल्या अटी वाचा. 'समाधानकारकरीत्या पूर्ण केल्याचा आदेश निघेपर्यंत परिवीक्षाधीन समजण्यात येईल' असं वाक्य असेल, तर धरमसिंग तुमच्या कामाचा नाही.

टेबल_क्र_७
दोघंही कायम होण्यावर भांडताय, प्रश्न पात्रतेचा आहे. सेवाप्रवेश नियमात सहसा काय असतं? 'तीन वर्षांपेक्षा कमी नसेल इतकी नियमित सेवा.' नियमित म्हणजे नियमानुसार झालेल्या नियुक्तीपासूनची. परिवीक्षेची दोन वर्षं त्यातून वजा करायची हे कुठे लिहिलंय?

ज्येष्ठतेचा वाद तर आपल्याच राज्यातल्या अभियंत्यांनी मिटवलाय. १९७७ च्या पटवर्धन निकालात न्या. यशवंत चंद्रचूड यांनी ज्येष्ठता कायम होण्याच्या तारखेला टांगायला नकार दिला. १९९० मध्ये घटनापीठाने तेच पक्कं केलं : नियुक्ती नियमानुसार असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या तारखेपासून. नियम डावलून केलेली तात्पुरती, तदर्थ नेमणूक मात्र धरली जात नाही.

नियम_आधी
ज्येष्ठता मान्य. पण ज्येष्ठ म्हणजे पात्र नव्हे राव. पदोन्नती समितीपुढे परीक्षा, गोपनीय अहवाल, चौकशी, सगळंच येतं. परिवीक्षा समाधानकारक होती की नाही हे सक्षम प्राधिकाऱ्याने ठरवायचं. ते ठरलंच नसेल तर समितीने कशावर विसंबायचं? शिवाय काही प्रकरणांत असाधारण रजेमुळे परिवीक्षा पुढे सरकलेली असते आणि कर्मचारी मात्र मूळ तारीखच धरून बसतो.

सेवापुस्तक
प्रस्ताव का अडतात ते बोला की. बहुतेक वेळा परिवीक्षेतल्या एखाद्या वर्षाचा गोपनीय अहवाल नसतो. प्रतिवेदन अधिकारी (अहवाल लिहिणारा साहेब) बदलून गेला किंवा निवृत्त झाला. नाहीतर जात वैधता प्रमाणपत्र, चारित्र्य पडताळणी, परीक्षा पास झाल्याची सेवापुस्तकातली नोंद यांतलं एखादं राहिलेलं. लिपिक-टंकलेखकांच्या बाबतीत टंकलेखनाचं प्रमाणपत्र (मराठी ३०, इंग्रजी ४० शब्द प्रति मिनिट). एक कागद कमी म्हणून अख्खी फाईल परत येते, आणि परत आल्याचं कर्मचाऱ्याला कळवत कोणी नाही. आणखी एक, स्थायित्व प्रमाणपत्र (सेवेत स्थायी असल्याचा दाखला) हा वेगळा कागद आहे. ते मिळालं म्हणून परिवीक्षा संपली असं नाही. यात भलेभले फसतात.

फाईल_नंबर_शून्य
म्हणजे अहवाल साहेबांनी लिहायचा नाही आणि पदोन्नती माझी जायची. वा!

मॅटची_पायरी
चिडून उपयोग नाही, मुदती सांभाळा. १ जानेवारीच्या स्थितीची तात्पुरती ज्येष्ठता यादी आली की हरकत लेखी द्या आणि आवक क्रमांक घ्या. परिवीक्षेच्या प्रस्तावाची टिप्पणी (फाईलवर लिहिलेले शेरे) माहिती अधिकारात मागा. कोणत्या टेबलावर किती महिने होता ते त्यात दिसतं. मग अभिवेदन, म्हणजे कार्यालयाकडे लेखी मागणी. उत्तर नाही आलं तर सहा महिने थांबायचं आणि त्यापुढच्या एका वर्षाच्या आत मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) मूळ अर्ज. दर वर्षी नवं अभिवेदन देऊन ही मुदत वाढत नाही. १९८९ च्या राठोर निकालात हे स्पष्ट आहे, तरी लोक पाच-पाच स्मरणपत्रं जोडून येतात आणि विलंबावरच अर्ज जातो.

मागणीही नीट लिहा. नुसतं 'पदोन्नती द्या' नको. परिवीक्षा मूळ तारखेपासून समाप्त केल्याचा आदेश, पदोन्नती समितीची पुनर्विलोकन बैठक आणि कनिष्ठाच्या पदोन्नतीचा मानीव दिनांक (त्याला पदोन्नती मिळाली तीच तारीख तुमचीही धरणं), तिन्ही मागा.

नियम_आधी
मानीव दिनांक मिळाला तरी वेतननिश्चिती काल्पनिक, म्हणजे कागदोपत्रीच, होते, थकबाकी मिळत नाही. काम केलंच नाही तर वेतन कसलं?

टेबल_क्र_७
१९९१ चा जानकीरामन वाचा. कर्मचारी काम करायला तयार होता आणि त्याचा काही दोष नसताना प्रशासनानेच त्याला दूर ठेवलं, तर 'काम नाही, वेतन नाही' हे सरसकट लागू होत नाही. ते प्रकरण मोहोरबंद पाकिटाचं (चौकशीमुळे समितीचा निर्णय पाकिटात बंद ठेवण्याचं) होतं हे खरं. पण तिथे निदान चौकशीचं कारण तरी होतं, इथे फक्त टेबलावरची फाईल आहे.